आडव्या दगडाची उभी सावली

आधीच सांगून टाकते — भूत, करणी, बाहेरची बाधा यांतलं काहीही मी मानत नाही. तेव्हाही मानत नव्हते. अमावास्येला खुशाल नखं कापणारी बाई आहे मी! त्यामुळे 'बायका काय, काहीही बघतात' असं ज्यांना म्हणायचं असेल, त्यांनी हे पान इथेच उलटावं. ते वाक्य मी जन्माला पुरेल इतकं ऐकलंय.

गोष्ट ग्वाल्हेरची. महाराजांचं राज्य होतं तेव्हाची, दुसरी लढाई सुरू व्हायच्या जरा आधीची. आमचं घर लष्कर नावाच्या भागात, सराफ्यापासून जवळच. सासरे — मामंजी — दरबारच्या कचेरीतून पेन्शनीत निघालेले. घरात सासूबाई, माझे यजमान, मी, धाकटे दीर माधवभावजी आणि त्यांची नवी नवरी कमल. कमल झाशीची, तिकडच्याच मराठी घरातली. बोलता बोलता हिंदीत शिरायची, स्वतःच हसायची आणि परत मराठीत यायची. मला ती फार आवडायची.

आता दगडाचं सांगते. ग्वाल्हेरचा दगड लालसर, वाळूचा. धुण्याला त्याचीच पटिया, म्हणजे फरशी, आणि तिची भुकटी कपड्यांत बसते. मामंजींची पांढरी धोतरं कायम गुलाबी! त्यात आमच्या लोकांचं एक खूळ... दख्खन सोडून पिढ्या झाल्या, पुणं कुणी डोळ्यांनी पाहिलेलं नाही, पण 'आपल्याकडचं' म्हटलं की जीव टाकतात. पाटा-वरवंटासुद्धा तिकडचाच हवा. शिवपुरीच्या वाटेवर आमची थोडी जमीन होती. तिच्या कडेला माळावर एका ओळीत उभे दगड होते — काळे, ओबडधोबड, ना मूर्ती ना अक्षर. कुणी माणसापेक्षा उंच, कुणी खांद्याला लागेल एवढा, एक तर पोराएवढा. कुणी रोवले, कधी रोवले, गावात कुणाला ठाऊक नाही. इतकंच म्हणत, की एकेक दगड म्हणजे एकेक गेलेलं माणूस. ते तिथे उभं आहे, त्याला आडवं करू नये.

मामंजींना त्यात काय दिसलं? तर दख्खनचा काळा पत्थर! "अरे, हा आपला दगड आहे! या मुलखातला नाहीच!" गाडीवान हात जोडून म्हणाला, "हुजूर, ये किसी के नाम का खड़ा है. इसे मत लिटाइए." मामंजी म्हणाले, "आमच्याच नावाचा आहे. उचल!" ओळीतला मधला दगड उपटला, बैलगाडीत घातला आणि आमच्या मागच्या अंगणात आणून आडवा टाकला. कशाला? धुणं आपटायला!

पहिल्यांदा पाहिलं ते कमलने. थंडीचे दिवस. सकाळी पाण्यात हात घालवत नसे, म्हणून आम्ही जावा दुपारी ऊन कलताना धुणं घेऊन बसायचो. ती एकदम थांबली.

"जाऊबाई, ही छाया कशाची हो?"

"दोरीवरच्या कपड्यांची असेल गं."

"नाही हो... देखो तो, इथून निघतेय. दगडातून."

मी हातातलं लुगडं पिळून वळेपर्यंत ढग आला, आणि मला काही दिसलं नाही. पण त्यानंतर कमल त्या दगडावर कपडा आपटेना. नुसती पाण्यात चोळायची. "त्याला लागत असेल," म्हणायची. बस्स, एवढाच त्या पोरीचा गुन्हा!

सासूबाई आधी म्हणाल्या, "कामाचा कंटाळा, दुसरं काय!" मग आठवड्याभरात त्या कंटाळ्याचं लागीर झालं. लिंबू उतरवलं, अंगारा लावला, कुणाकुणाला बोलावून तिच्यासमोर धूर केला. खोकून खोकून तिचे डोळे लाल झाले, तर म्हणे, "बघा, डोळे कसे दिसतायत!" माझ्या मस्तकात तिडीक गेली. आणि मामंजींनी तर निकालच दिला — मुलगी सदोष आहे, फसवणूक झाली, बापाला बोलवा, घेऊन जा म्हणावं. माधवसाठी दुसरं स्थळ बघण्याची भाषा तिच्यादेखत चालायची. भावजी काय करत होते? मूग गिळून बसले होते.

मी ठरवलं, आपण स्वतः बघायचं. काही नाहीये हे तिला दाखवायचं आणि म्हणायचं, 'चल, आत जाऊन सांग की भास झाला होता, आणि सोडव स्वतःला.' म्हणून त्या दुपारी मी एकटीच दगडासमोर पाट टाकून बसले. आभाळ स्वच्छ. अंगणात झाड नाही, खांब नाही, दोरीवर एक चिंधीसुद्धा नाही.

ऊन कललं आणि... ती आली.

दगड आडवा, वीतभर उंचीचा. त्याची सावली पडून पडणार केवढी? पण त्याच्या एका टोकापासून फरशीवर लांब, काळी सावली पडली होती. वर निमुळती, एका खांद्याला किंचित कलती. त्या माळावर उभ्या दगडांची पडते तशीच. मी हात घातला. हातावरचं ऊन गेलं! बाजूला बांगड्या चमकतायत आणि सावलीत आल्या की विझतायत. मी बादलीभर पाणी ओतलं. सगळी फरशी वाळली, तेवढा पट्टा ओलाच राहिला. भीती? नाही वाटली. कमलचं आठवून रडू मात्र आलं.

धावत जाऊन यजमानांना घेऊन आले. हे शाळेत सायन्स शिकवायचे बरं का!

"भिंतीची असेल," हे म्हणाले.

"भिंत कुठाय त्या बाजूला?"

यांनी सूर्याकडे पाहिलं, दगडाकडे पाहिलं, पाण्याच्या पट्ट्याकडे पाहिलं. मग चष्मा पुसत म्हणाले, "तू या भानगडीत पडू नकोस."

कमलचे वडील आले तेव्हा थंडी होती म्हणून बैठक अंगणातच घातली. मामंजी आरामखुर्चीत, भावजी खाली सतरंजीवर, सासूबाई दाराशी, हे उभे. कमल कोपऱ्यात मान खाली घालून. मामंजी बोलत होते... मुलीचं डोकं ठिकाणावर नाही, नसत्या सावल्या दिसतात, आमच्या घराण्याचं नाव... आणि ऊन कललं.

मी कुणाच्या तोंडाकडे बघतच नव्हते. पायांकडे बघत होते. सावली पुढे आली, आणि मामंजींनी बोलणं न थांबवता खुर्ची अलगद बाजूला सरकवली. सासूबाईंनी पदर ओढून घेतला. भावजींनी पसरलेला पाय उचलून पोटाशी धरला. यांनी एक पाऊल मागे घेतलं. एकानेही खाली पाहिलं नाही. एकाचंही बोट त्या सावलीला लागलं नाही!

"तर सांगायचं काय, व्याही," मामंजी म्हणाले, "या अंगणात काहीही नाही."

"मग खुर्ची का सरकवलीत?"

हे मी बोलले. सासऱ्यांसमोर, व्याह्यांसमोर, मोठ्याने. सासूबाई "अगं बाई!" म्हणून ओरडल्या. मामंजींचा चेहरा तोंडात मारल्यासारखा झाला, पण कबुली? छे! म्हणाले, "मोठीलाही लागण झालेली दिसते."

कमलचे वडील मात्र उठले, त्या सावलीपाशी आले, खाली वाकून नीट बघितलं आणि तिला वळसा घालून लेकीजवळ गेले. "माझी मुलगी चांगली आहे," म्हणाले. "चल, बेटा."

भावजी बसल्या जागेवरून हलले नाहीत.

पुढे ऐका. त्याच आठवड्यात दगड परत गेला. कारण काय सांगितलं? 'कपडे फाटतात!' पण मामंजी स्वतः गाडीबरोबर गेले. सोवळं नेसून, नारळ, नैवेद्य घेऊन. आम्ही सगळेच गेलो. दगड त्याच्या जागी उभा केला, तेव्हा त्या म्हाताऱ्या माणसाने त्याच्या पायाशी डोकं टेकलं आणि "गल्ती झाली, माफ करा" असं तीनतीनदा म्हटलं. मी कानांनी ऐकलंय! दगडाची माफी मागायला मामंजींची जीभ वळली. मी तिथेच विचारलं, "आणि कमलची?" तर म्हणाले, "घरच्या गोष्टी घरी."

ती सावली कशाची, याचं उत्तर माझ्यापाशी आजही नाही. पुष्कळांना विचारलं. एक प्रोफेसर म्हणाले, प्रकाश वाकतो. वाकत असेल बापडा! पण आमच्याच अंगणात, त्याच दगडाशी, रोज? मला पटलेलं नाही, आणि पटल्यासारखं मी दाखवणारही नाही.

घरात मात्र मी पिच्छा सोडला नाही. उठता बसता टोचत राहिले. शेवटी उन्हाळ्यात भावजींना झाशीला धाडलं, कमलला घेऊन या म्हणून. मी तिची खोली सारवून ठेवली होती. भावजी परत आले ते एकटेच. सासूबाईंनी पाणी दिलं, विचारलं, "काय झालं रे?"

"दारात आली," भावजी म्हणाले. "पिशवी भरलेली होती तिची. म्हणाली, एकच विचारते, सच सांगा. त्या दिवशी तुम्ही पाय का उचलून घेतला?"

"मग? काय सांगितलंस?"

भावजींनी पाणी पिऊन भांडं खाली ठेवलं. मग म्हणाले, "म्हटलं, पायाला मुंग्या आल्या होत्या."

तिने दार लावून घेतलं. बरं केलं!