नानांचा अमेरिकेतला माणूस

मी कुणाबद्दल लिहावं एवढी माझी तयारी नाही, त्याबद्दल आधीच माफी मागते. आमच्या घरातून कॉलेजात गेलेली मी पहिलीच. लिहिताना अजून हात अडखळतो. पण माझ्या आत्याच्या सासऱ्यांबद्दल दुसरं कुणी लिहिणार नाही, आणि त्याचा मला राग येतो. हा रागही त्यांच्याकडूनच शिकले. दुसऱ्याच्या अपमानावर आयुष्यभर पेटून राहिलेला असा माणूस सबंध खानदेशात नसेल.

नाना मूळचे धुळ्याकडचे, भुसावळला रेल्वेत खलाशी, म्हणजे अंगमेहनतीचे मजूर, होते. तरुणपणी रेल्वेच्या क्लबात जुने इंग्रजी सिनेमे दाखवायचे, ते त्यांनी एक शब्द न कळता पाहिले. हिरोकडे त्यांचं लक्षच नसायचं. त्यांना आवडला एक जाडसर, अर्धं टक्कल पडलेला नट. तो कधी दारूच्या दुकानात पेले पुसायचा, कधी घोडागाडी हाकायचा, कधी फौजदाराच्या मागे कंदील धरून उभा राहायचा. आणि सिनेमा रंगात येण्याआधीच गोळी लागून मरायचा. नाना त्याला ‘आपला माणूस’ म्हणत. तो पडला की ते उठलेच, अहिराणीत ओरडत: ‘‘गया आपला मानूस! आते काय देखानं शे?’’ त्यामुळे इतके सिनेमे पाहूनही त्यांना एकाचाही शेवट ठाऊक नाही.

मी शिकायला आत्याकडे राहिले, तेव्हापासून हे सिनेमे माझ्या फोनवर सुरू झाले. एकदा मी भीत भीत म्हटलं, ‘‘नाना, हिरोपण चांगला आहे की.’’

‘‘तो? घोडा कोनी आना? दार कोनी उघाडं? बठ्ठं काम आपला मानूस करस, नि पोरगी त्याना गळामा!’’

हा राग सिनेमापुरता राहत नाही. लग्नात ते नवरदेवाला सोडून आचाऱ्याला टोपी-उपरणं देतात. कॉलनीत एका पुढाऱ्याचा सत्कार होता, तेव्हा नाना मागून ओरडले, ‘‘खुर्च्या कोनी मांड्यात? पहिले त्यानं नाव ल्या!’’ लोक हसले. नाना खाली बसेनात. शेवटी मांडववाल्याचं नाव पुकारावं लागलं, आणि तो बिचारा लाजून खांबाआड गेला. आत्याचे यजमान घरी येऊन म्हणाले, ‘‘म्हातारपणी डोकं फिरलंय यांचं.’’ फिरलंय ते हसणाऱ्यांचं, असं मला वाटलं आणि अजून वाटतं.

यंदा नानांचे डोळे फार अधू झाले. दिसेनासं होण्याआधी त्यांना एकच पाहायचं होतं. ‘‘तुमना फोनमा बठ्ठं सापडस. धुंड, पोरी. एखादा सिनेमामा तो शेवटलगून जगना का?’’

त्याचं नाव शोधण्यातच माझी सुट्टी गेली. कामं त्यानं ढीगभर केली होती: दुसरा शिपाई, दारूवाला, स्टेशनवरचा माणूस. कितीतरी ठिकाणी पडद्यावर त्याचं नावही दिलं नव्हतं. एवढं राबून नाव नाही! फोन आपटावासा वाटला. तो शेवटपर्यंत जगतो असा सिनेमा मला सापडला नाही. सापडलं ते त्याचं खरं मरण, माझ्या जन्माच्याही आधीचं.

हे नानांना कसं सांगावं कळेना. दोन दिवस टाळलं. मग ते ओट्यावर बसले होते तेव्हा सांगून टाकलं.

नानांनी विचारलं, ‘‘घरना लोक व्हतात ना त्यानाजोडे?’’

‘‘मरताना जवळ कोण होतं, ते काही लिहिलेलं नाही, नाना.’’

‘‘इतला वरीस व्हई गयात, नि कोनी सांगं बी नही?’’ ते ओरडले, पण आवाज मध्येच फाटला.

आमच्याकडे लांबच्या नातेवाइकाच्या मरणाची बातमी उशिरा आली, तर ती कळताच अंघोळ करतात. नाना भिंतीला धरून उठले आणि त्यांनी आत्याला पाणी काढायला सांगितलं.

आत्या घाबरून बाहेर आली. ‘‘अहो नाना, कोण गेलं?’’

‘‘मना भाऊबंद,’’ नाना म्हणाले आणि न्हाणीकडे चालू लागले.