गेमचं बिऱ्हाड

लोकांची घरं हलवून देण्यात त्याची निम्मी हयात गेली होती. लांबलचक सोफा वळणाच्या जिन्यातून उभा करून कसा काढायचा, आरसा कोणत्या दोन गाद्यांच्या मधे निजवायचा, हे त्यानं झोपेतून उठूनही सांगितलं असतं. कामावर मात्र तो एकच शब्द बोलायचा आणि तोही ओरडून. "अलगद! अरे, अलगद!" तो एवढ्या मोठ्यानं ओरडायचा की माणसं दचकायची आणि हातातलं निसटायचं. त्याच्याकडच्या हमालांनी त्याचं नाव अलगदशेठ पाडलं ते यावरूनच. पुढे गिऱ्हाइकंही त्याच नावानं फोन करू लागली.

त्याच्या कामाची एक रीत होती आणि तिचा त्याला भारी अभिमान. सगळं सामान गाडीत चढलं की तो स्वतः झाडू घेऊन रिकाम्या घरात परत जायचा. सुतळीचे तुकडे, भिंतीतले खिळे, कपाटामागे वर्षानुवर्षं पडलेलं कंगवा-बटण, सगळं गोळा करून टाकायचा, खोल्या लख्ख झाडायचा आणि मगच किल्ली घरमालकाच्या हातात ठेवायचा. "मागं काही ठेवायचं नाही," तो म्हणायचा. "अर्धं इथं, अर्धं तिथं, याला काय बिऱ्हाड म्हणतात?"

अशा माणसाला एक गेम हलवता येऊ नये?

गेम होता मालट्रकचा. अलगदशेठला गेमचं वेड मुळीच नव्हतं. वेड होतं ते रविवारचं. त्याचे वडील, अण्णा, आयुष्यभर ट्रक चालवत आले. एक दिवस डावा गुडघा क्लच दाबायला नाही म्हणाला आणि ते केबिनमधून उतरले. उतरले ते जणू बोलणंही केबिनमध्येच ठेवून. दुसऱ्या गावात, लेकीच्या शेजारी राहायचे. फोन केला की, "बरा आहेस? बरं. ठेव." संपलं. शेवटी अलगदशेठनं त्यांना एक कॉम्प्युटर आणि टेबलाला अडकवायचं, हलक्या पेडलांचं स्टिअरिंग घेऊन दिलं आणि तसंच एक स्वतःलाही घेतलं. पहिले काही आठवडे अण्णांनी त्याला 'ते खेळणं' म्हणत हातसुद्धा लावला नाही. मग एकदा लावला. तेव्हापासून दर रविवारी सकाळी दहाला बापलेक गेममधल्या एका डेपोत भेटायचे, आपापल्या गाडीत माल भरायचे आणि एकामागोमाग निघायचे. फोन शेजारी, स्पीकरवर.

आणि गाडी हलली की अण्णा बोलायचे! कुठल्या घाटात दरड कोसळून अडकले होते, कोणत्या ढाब्यावरचा चहा म्हणजे गरम पाणी होतं. आई लग्नानंतर पहिल्यांदा केबिनमध्ये बसली तेव्हा हॉर्नला किती घाबरली होती, तेही. घरात कधी न ऐकलेल्या गोष्टी. अलगदशेठ मुद्दाम लांबचा रस्ता घ्यायचा.

पण अलगदशेठचा स्वतःचा कॉम्प्युटर जुना, त्यातली डिस्क त्याहून जुनी. गेम उघडायचा म्हणजे सरकारी फाइलनं एका टेबलावरून दुसऱ्या टेबलावर जावं तसं चालायचं. तोवर अण्णा डेपोत इंजिन चालू ठेवून उभे.

"डिझेल जळतंय इथं!"

"अण्णा, गेममधलं आहे ते."

"म्हणून काय फुकट जाळायचं?"

गेल्या रविवारी तर कहर झाला. गेम अर्ध्यात अडकला तो अडकलाच. अलगदशेठ पोचला तेव्हा डेपो रिकामा होता. फोन वाजला.

"मी कोणाच्या दारात ताटकळणारा माणूस नाही," अण्णा म्हणाले. "पुढच्या रविवारी दहाला मी आलो आणि तू तिथं नसलास, तर हे स्टिअरिंग काढून माळ्यावर टाकणार. ठेव."

ही नुसती धमकी नव्हती. अण्णांनी एकदा असंच रागाच्या भरात सिगारेट सोडली होती, ती पुन्हा धरली नाही. स्टिअरिंग माळ्यावर गेलं की पुन्हा 'बरा आहेस? बरं. ठेव' एवढंच उरणार, हे अलगदशेठला पक्कं ठाऊक होतं.

"चूक त्यांची नाहीये," बायको म्हणाली. ती दातांच्या दवाखान्यात नंबर लावायचं काम करायची. "आमच्याकडे उशिरा येणाऱ्याला मी सरळ शेवटी बसवते."

"तू कोणाच्या बाजूनं आहेस?"

"घड्याळाच्या."

मग कॉम्प्युटर दुरुस्तीवाला आला. त्यानं काडेपेटीहून पातळ अशी नवी, वेगवान डिस्क आत बसवली, कॉम्प्युटर चालू व्हायला लागतं ते सगळं तिच्यावर आणलं आणि म्हणाला, "शेठ, आता गेम या डिस्कवर न्या, झटक्यात उघडेल. ज्या ॲपमधून गेम घेतलात ते उघडायचं, गेमच्या नावावर जायचं आणि तिथं 'हलवा' असं लिहिलेलं आहे ते दाबायचं. ॲप आपलं आपण सगळं नेतं. तुम्ही हातानं काही उचलू नका."

अलगदशेठनं मान डोलावली. दुरुस्तीवाल्याची पाठ वळताच बायकोला म्हणाला, "ऐकलंस? मला हलवायला शिकवतोय!"

"शिका की मग."

"अगं, वाडेच्या वाडे हलवलेत मी. हा तर एक गेम."

शनिवारी दुपारी त्यानं काम काढलं. जुनी डिस्क उघडली तर एकेक फोल्डर एकेका खोलीसारखा समोर. ॲपबिपच्या भानगडीत तो पडलाच नाही. गेमच्या नावाचा सगळ्यात मोठा फोल्डर धरला, इथून उचलला आणि नव्या डिस्कवर नेऊन ठेवला. हिरवी पट्टी सरकताना तो खुर्चीवर पुढे झुकून सवयीनं पुटपुटत होता, "अलगद… अलगद…" पोचलं. ओरखडासुद्धा नाही.

जुन्या डिस्कवर आता थोडंफार उरलं होतं. जुनी बिलं, अंधूक फोटो आणि नुसत्या आकड्यांच्या नावांचे काही फोल्डर, ज्यांचा ना आगा ना पिछा. सोडलेल्या प्रत्येक घरात असा एक ढीग असतो. कुलपाशिवायच्या किल्ल्या, मुठीशिवायचे चाकू. बिलं आणि फोटो त्यानं बाजूला काढले. बाकीच्याला अडगळ म्हणाला आणि अख्खी डिस्क पुसून कोरी केली. मग स्क्रू काढून ती बाहेर घेतली. बायकोच्या भावाचा फोटो स्टुडिओ होता, तो कधीपासून एक डिस्क मागत होता. संध्याकाळी तो आला आणि घेऊन गेला.

"किल्ली दिली," अलगदशेठ हात झटकत म्हणाला.

"नव्या घरात दिवा लागतो का ते बघितलंत का आधी?"

"सामान पोचलंय ना? मग दिवा न लागायला काय झालं?"

रविवारी सकाळी चहाचा कप घेऊन तो ऐटीत खुर्चीवर बसला. अजून भरपूर वेळ होता. ॲप उघडलं. त्यात गेमचं नाव फिकट पडलेलं आणि खाली लिहिलेलं, की हा गेम या कॉम्प्युटरवर नाही.

"नाही म्हणजे? हा काय इथं आहे!" तो पडद्याला म्हणाला. फोल्डर उघडून दाखवावा तसा उघडला. ॲपला फरक पडला नाही. पुन्हा बंद केलं, पुन्हा चालू केलं. नाही म्हणजे नाही. भाड्याचे पैसे घेऊन वर घर ओळखत नाही म्हणणाऱ्या मालकाचा येतो तसा संताप त्याला आला. त्यानं दुरुस्तीवाल्याला फोन लावला.

"हातानं उचलून नेलंत?" दुरुस्तीवाला हसायलाच लागला. "अहो शेठ, पण नवा पत्ता ॲपला कोणी सांगायचा? त्याला वाटतंय तुम्ही रातोरात पसार झालात."

"हसू नका हो! दहाला माझी गाडी आहे."

"घाबरू नका. ॲपला नवी डिस्क दाखवा आणि तिथंच गेम टाकायला सांगा. आत आधीच काय आहे ते ॲप स्वतः तपासून घेईल. थोडा वेळ लागेल. तुमच्या गाड्या, फेऱ्या वगैरे जे जपलेलं असतं ते वेगळ्या, नुसत्या आकड्यांच्या नावाच्या फोल्डरमध्ये असतं, तेवढं जुन्या डिस्कवरून आणा म्हणजे झालं."

अलगदशेठनं हातातला कप खाली ठेवला.

"शेठ? जुनी डिस्क आहे ना?"

"झाडून दिली."

"झाडून म्हणजे?"

"झाडून म्हणजे झाडून! कोरी!"

मग दुरुस्तीवाला अगदी हळू, आजाऱ्याशी बोलावं तसं म्हणाला, "बरं. पत्ता तरी सांगून टाका ॲपला."

पुसलेलं कदाचित परत काढता येईल, अशी एक वेडी आशा धरून त्यानं मेहुण्याला फोन केला. "भाऊजी, झकास डिस्क दिलीत!" मेहुणा खुशीत होता. "कालच फोटो भरले. अगदी काठोकाठ."

ॲप तपासत बसलं. पट्टी सरकायची, थांबायची, जराशी सरकायची. अलगदशेठ कधी तिच्याकडे बघे, कधी घड्याळाकडे. माणसं असती तर त्यानं खांदा दिला असता, शिव्या दिल्या असत्या. या पट्टीला ना खांदा चालत होता ना शिवी. बायको दारात येऊन उभी राहिली. तिनं एकदा घड्याळाकडे बघितलं, एकदा त्याच्याकडे.

"बोल ना, बोलून टाक."

"मी कुठं काय म्हणतेय?"

"तुझा चेहरा म्हणतोय!"

शेवटी पट्टी भरली. गेमवर बोट ठेवलं आणि कपाला हात लावेपर्यंत तो उघडलासुद्धा. इतक्या वर्षांत पहिल्यांदाच. अलगदशेठला क्षणभर स्वतःचाच हेवा वाटला. मग पडद्यावर अक्षरं आली. नव्या चालकाचं स्वागत असो. आपलं नाव सांगा.

त्याची लाल गाडी नव्हती. तिच्या काचेला लावलेले दिवे नव्हते. अण्णांच्या मागोमाग केलेली एकही फेरी कुठं नोंदलेली नव्हती. तो आज पहिल्यांदाच रस्त्यावर येणारा कोणीतरी होता. दात-ओठ खात त्यानं नावाच्या जागी हाताला लागतील ती अक्षरं दाबली. गेमनं त्याला भाड्याची एक पिवळी, नाकाडी, छोटीशी गाडी दिली. ती घेऊन तो डेपोत शिरला तेव्हा दहा वाजायला आले होते. अण्णा अजून यायचे होते.

थोड्या वेळानं फाटकातून निळा ट्रक आला. नेहमीसारखा आधी पूर्ण थांबला, दोन्हीकडे बघितल्यासारखा रेंगाळला, मग आत आला. पिवळ्या गाडीला वळसा घालून अख्ख्या डेपोभर एक चक्कर मारली. फोन वाजला.

"नाही आलास ना? मी सांगितलं होतं."

"अण्णा, आलोय! तुमच्यासमोरच आहे."

"समोर कोणी नवशिका आहे भाड्याची गाडी घेऊन. आडवी लावलीये बेट्यानं, वाटेत."

"तो मीच आहे."

निळा ट्रक मागं आला आणि पिवळ्या गाडीच्या नाकासमोर थांबला.

"तुझी गाडी कुठंय?"

"गेली. सगळंच गेलं. तुमच्यासाठी लवकर उघडावा म्हणून गेम नव्या डिस्कवर नेला आणि जुनी झाडून टाकली. अडगळ समजून." आता 'ठेव' येणार म्हणून त्यानं डोळे मिटून घेतले.

आधी खोकल्यासारखं काहीतरी ऐकू आलं. मग कळलं की अण्णा हसताहेत. थांबायचे आणि पुन्हा फुटायचे. "झाडून… किल्ली पण देऊन आलास?"

"तुमच्या सूनबाईच्या भावाला!" अलगदशेठ वैतागून ओरडला. त्यावर तर अण्णांना ठसकाच लागला.

"बरं," दम लागलेल्या आवाजात ते शेवटी म्हणाले. "भर माल. हलका घे, या गाडीला झेपेल तेवढाच. मागून ये."

ते निघाले. पिवळी गाडी चढावर धापा टाकू लागली. निळा ट्रक पुढे असा रांगत होता की सायकलवाल्यानंही मागं टाकावं.

"अण्णा, जा ना पुढे! एवढं हळू काय?"

"नवशिक्याला घेऊन निघालोय. पळून कसं चालेल? क्लच दाब. आता नको. इंजिनाचं ऐक जरा… आता."

अलगदशेठनं दाबला. अण्णांनी त्याला खरी गाडी कधीच शिकवली नव्हती. तू या धंद्यात यायचं नाही, म्हणून केबिनच्या पायरीवरसुद्धा चढू दिलं नव्हतं. गाडी तो शिकला होता एका हमालाकडून, चोरून. आता अण्णा गिअरमागून गिअर सांगत होते, उतारावर ब्रेक कधी सोडायचा, आरशात आधी कुठं बघायचं. हे सगळं त्याला कधीपासून येत होतं. तरी तो दर वेळी "हो अण्णा" म्हणत होता आणि चिडचिड कुठं ठेवावी हे त्याला कळत नव्हतं.

"मीही मागवलीये तसली डिस्क," अण्णा मधेच म्हणाले. "उद्या येईल. मीच नेतो सगळं हलवून. त्यात काय एवढं."

"अण्णा! कशालाही हात लावू नका. ऐकताय ना? मी येतो."

"तू? तुला सुट्टी कधी असते?"

"येतो म्हटलं ना. पुढच्या रविवारी."

"आणि फेरी?"

"तुमच्या शेजारी बसेन. चालवा तुम्ही."

निळ्या ट्रकनं वळणाचा दिवा लावला.

"समोर बघ," अण्णा म्हणाले. "वळण आहे."