फ्रेम पुन्हा जोडा

टिकटिककाकांची बोटं बारीक कामाची. मनगटी घड्याळातला तिळाएवढा स्क्रू ते श्वास रोखून जागेवर बसवत, आणि तेवढा वेळ अख्ख्या बाजारानं गप्प राहावं अशी त्यांची अपेक्षा असे. पण फोन हातात आला की हीच बोटं आडमुठी होत. एक दाबायला जावं तर भलतंच उघडायचं. "काचेला काय दाबायचं? दबली की नाही हे तिचं तिलाही कळत नाही," असं ते म्हणत, आणि त्यात खोटं तरी काय होतं?

घरात फोनचं सगळं काकूच बघायच्या. मग त्यांना पक्षाघात झाला. उजवा हात गेला आणि बोलणंही गेलं. शब्द आत आहेत, बाहेर यायची वाट बंद झालीय, असं डॉक्टर म्हणाले. ज्या बाईच्या तोंडाचा पट्टा सुरू झाला की काका मुकाट्यानं दुकान गाठायचे, त्या बाईच्या खोलीत आता भिंतीवरच्या घड्याळाशिवाय कुणी बोलेना.

पलंगासमोरच्या कपाटावर फोटोंची फ्रेम होती. परगावच्या लेकीनं आजाराआधी पाठवलेली आणि काकूंनी हौसेनं आपल्या फोनला जोडलेली. लेक तिकडून फोटो टाकायची, इकडे फ्रेममध्ये दिसायचे. नातू पालथा पडला, बसायला लागला, खुर्ची धरून उभा राहिला, सगळं काकूंनी तिथंच पाहिलं. त्याला मांडीवर घेणं काही नशिबात आलं नाही. पण फ्रेमकडे बघताना त्यांचा अर्धा चेहरा हसायचा, आणि त्या हसण्याच्या नादात काका चार घास भरवून घ्यायचे.

त्या फोटोंत मध्येच एक छोटा व्हिडिओ लागे. फ्रेम आली त्या दिवशी काकूंनी गंमत म्हणून थेट फोनवरच्या फ्रेमच्या ॲपमधूनच काढलेला, त्यामुळे तो फ्रेमखेरीज कुठेच नव्हता. त्यात काका टेबलावरचे पेपर उलटेपालटे करताहेत आणि मागून काकूंचा आवाज येतोय, "अहो, कपाळावर बघा, कपाळावर. काखेत कळसा आणि गावाला वळसा." मग काका कपाळावरचा चष्मा चाचपतात आणि काकू खो खो हसतात. तेव्हा काका चिडले होते. काढून टाक म्हणाले होते, शोभा करतेस माझी. आता काकूंचा आवाज जगात तेवढाच उरला होता, आणि तो कानावर पडल्याशिवाय काकांचा पाय दुकानाकडे वळत नसे.

एक दिवस ॲप मागे लागलं, अपडेट करा. काकांनी आधी काणाडोळा केला. पण तक्रार करणारं यंत्र तसंच ठेवायचं नाही हा त्यांचा जन्माचा नेम. केलं अपडेट. नसती उठाठेव! ॲपनं त्यांना बाहेर काढलं आणि पासवर्ड मागितला. फ्रेम काळी झाली, वर एकच ओळ: 'फ्रेम पुन्हा जोडा.'

लेकीला फोन लावला. ती म्हणाली, "बाबा, खातं आईचं आहे. 'पासवर्ड विसरलात' असं लिहिलंय ना, ते दाबा."

दाबलं. ॲपनं विचारलं, 'लहानपणी तुम्हाला घरी काय म्हणत?' उत्तर चुकायची मुभा फक्त दोनदा होती.

घोडं इथेच अडलं. इतक्या वर्षांच्या संसारात काकांनी बायकोला 'अगं' याखेरीज काही म्हटलं नव्हतं, आणि आधी कोण काय म्हणायचं हे विचारायची बुद्धी झाली नव्हती. आता पलंगाशी बसून विचारलं. काकूंना उत्तर ठाऊक होतं, डोळ्यांत दिसत होतं. ओठ हलले, गळ्याच्या शिरा ताणल्या, आवाज काही फुटेना. काकांनी कागदावर मोठी अक्षरं काढून पुढे धरली, तर त्या प्रत्येक अक्षरावर बोट ठेवायला लागल्या. शेवटी डाव्या हाताची चापट गादीवर मारून त्यांनी भिंतीकडे तोंड केलं. काकांना मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्यांनी अंदाजानं 'छोटी' लिहिलं. चुकलं. 'बेबी' लिहिलं. तेही चुकलं. मग थोरल्या मेव्हणीला फोन केला.

"ठकू म्हणायचो आम्ही," मेव्हणी हसून म्हणाली. "पण तिला मुळीच खपायचं नाही हं ते. चावायला यायची."

काकांनी 'ठकू' लिहिलं. ॲपनं खातं बंद केलं. न खपणारं नाव बायको कशाला लिहील, एवढा विचार त्यांना नंतर सुचला.

राहिलं मदतकेंद्र. तिथली बाई गोड आवाजात म्हणाली, "सर, ते खातं आता उघडणार नाही. फ्रेमच्या मागे बारीक छिद्र आहे. त्यात पिन दाबून धरा. फ्रेम नव्यासारखी होईल, मग नवीन खातं उघडा."

"आणि आत जे आहे ते?"

"ते सगळं जाईल, सर."

"एकच गोष्ट ठेवून बाकीचं घालवता येणार नाही का?"

"नाही, सर. आणखी काही मदत करू?"

"अजून केलीत कुठे, बाई," काका म्हणाले आणि त्यांनी फोन ठेवला.

मग सुरू झाली खरी परवड. काकू काळ्या फ्रेमकडे बघत राहायच्या आणि चमचा पुढे आला की तोंड मिटायच्या. लेकीचे फोटो काकांनी फोनवर दाखवून पाहिले. चित्र एवढंसं, काकू डोळेच मिटून घ्यायच्या. अशात लेकीचा निरोप आला, नातू चालायला लागला. फोटो तयार होता, जायला जागा नव्हती.

काका दुकानातून पिन घेऊन आले. फ्रेम उलटी करून मांडीवर घेतली. आवाज आत होता, पण तो आता कुणालाच ऐकू येणार नव्हता. नातू बाहेर होता आणि त्याच्या आजीला दिसत नव्हता. हे गणित लहान मुलालाही सुटलं असतं. तरी काका दुपारभर तसेच बसून राहिले. मग ज्या हातांनी उभ्या आयुष्यात बंद पडलेली घड्याळं चालू केली, त्याच हातांनी त्यांनी पिन दाबून धरली.

लेकीनं फोनवर एकेक पायरी सांगत फ्रेम जोडून घेतली. दुसऱ्या दिवशी सकाळी नातू दोन्ही हात पसरून चालत फ्रेममध्ये आला. काकूंचा अर्धा चेहरा हसला. त्यांनी वाटीभर खाल्लं.

काकांनी त्यांचं तोंड पुसलं. वाटी ठेवली. मग डोळ्यांवरचा चष्मा कपाळावर चढवला आणि पलंगासमोर उभं राहून पेपर उलटेपालटे करायला लागले. उशी उचलून पाहिली, गादीखाली हात घातला. "अगं, चष्मा पाहिलास का माझा?"

काकूंनी त्यांच्या कपाळाकडे पाहिलं. ओठ हलले, मान ताणली गेली. काका हातातला पेपर तसाच धरून, त्यांच्या बोलण्याची वाट बघत उभे राहिले.