प्याद्यानं द्यायची मात

बुद्धिबळाचा ग्रँडमास्टर म्हणजे भयंकर हुशार माणूस, असा आमच्या कर्जतमध्ये समज आहे. मी तो मोडायला जात नाही, माझी बायको जाते. गॅसचा रेग्युलेटर मला अजून बसवता येत नाही आणि एकदा जामखेडला निघालेला मी राहात्याच्या गाडीत बसून नगरच्याही पुढे गेलो होतो, हे ती पाहुण्यांना चहाबरोबर सांगते. पाहुणे हसतात आणि मोठी माणसं अशीच असतात म्हणतात. म्हणजे त्यातूनही माझी अब्रू वाढतेच.

ह्या खेळावर मी गेली वीसेक वर्षं पोट भरतो आहे. वर्षातले निम्मे महिने परदेशातल्या कुठल्यातरी गावात, तिथल्या नगरपालिकेच्या हॉलमध्ये, टाय न लावता आलेल्या शंभर माणसांत बसून मी विचार करतो. खोलीवर छोटा कुकर असतो. शेंगदाण्याच्या चटणीची पिशवी विमानतळावर दर वेळी उघडली जाते आणि तिथला अधिकारी वास घेऊन माझ्याकडे संशयाने बघतो. अलीकडे समोर जे खेळाडू येतात त्यांचे पाय खुर्चीवरून जमिनीला टेकत नाहीत. गेल्या वर्षी अशाच एका मुलीने मला तीस चालींत गुंडाळलं. बाहेर तिच्या आईने मला चॉकलेट देऊ केलं आणि मी ते घेतलं.

पण मला हा खेळ कुठल्या क्लासात आला नाही. तो आला अण्णांच्या दुकानात. अण्णा म्हणजे माझे वडील. त्यांचं बसस्टँडच्या मागे मोटार रिवाइंडिंगचं दुकान होतं, अजून आहे. विहिरीवरच्या जळालेल्या मोटारी यायच्या, अण्णा जळकी तार उपसून नवी तांब्याची तार भरायचे. उन्हाळ्यात व्होल्टेज कमी पडलं की एका दिवसात दहा-दहा मोटारी जळायच्या, आणि प्रत्येकाला आपलीच आधी हवी असायची. पिकं पाण्यावर आलेली असायची, त्यामुळे आवाज चढायचे.

ह्यावर अण्णांनी एक पद्धत बसवली होती. दुकानात तेलाने काळा पडलेला बुद्धिबळाचा पट होता. कुणी फार घाई करू लागला की अण्णा म्हणायचे, बसा, एक डाव होऊ द्या. मला प्याद्यानं मात दिलीत तर तुमची मोटार आज, नाहीतर नंबराप्रमाणे. वजिराने किंवा हत्तीने दिलेली मात धरली जायची नाही. शेवटचा शह प्याद्याचाच हवा. आमच्याकडे जुन्या खेळणाऱ्यांत प्याद्याने मात देण्याला तसाही मान होताच. अण्णांनी मानाचा नियम करून टाकला.

एका हाताने तार भरता भरता अण्णा दुसऱ्या हाताने खेळायचे. माणसं तासन्‌तास डोकं धरून बसायची, कधी जिंकायचीही, पण वजिराने. मग स्वतःच मान हलवून म्हणायची, प्याद्यानं न्हाई झाली. आणि नंबराला थांबायची.

मी ह्या माणसांच्या गुडघ्यांमधून खेळ शिकलो. नवव्या वर्षी मी अण्णांना पहिल्यांदा हरवलं. दुकानात पाच-सहा गिऱ्हाइकं होती, सगळी वाकून बघत होती. मी हत्तीने मात दिली आणि अण्णांच्या तोंडाकडे बघितलं. अण्णा पट गोळा करत म्हणाले, "जिंकलास. पन प्याद्यानं न्हाई."

थोड्या वेळाने त्यांनी मोटारी आत ओढल्या, शटर खाली घेतलं आणि मला स्टँडवर भेळ खायला नेलं. ऊन उतरलंही नव्हतं. लाईट गेली असणार, असं मी धरून चाललो. आमच्याकडे दुकान लवकर बंद व्हायला दुसरं कारण नसायचं. भेळ मी खाल्ली, पण ती तोंडात फिरत होती.

त्यानंतर मी अण्णांना शेकडो वेळा हरवलं. तालुक्यात, जिल्ह्यात, राज्यात नंबर काढला. कप घेऊन घरी आलो की अण्णा कप पुसून कपाटात ठेवायचे आणि विचारायचे, जेवलास का. शाब्बास हा शब्द त्यांनी कधी उच्चारला नाही. मला तर तेवढाच हवा होता. जगातल्या चांगल्या खेळाडूंमध्ये माझं नाव यावं वगैरे मी मुलाखतीत सांगायचो, खरं तर मला त्या तेलकट पटापाशी बसलेल्या माणसाकडून एकदा शाब्बास ऐकायचं होतं. आणि ते कशाने मिळेल हे मला पक्कं माहीत होतं. प्याद्याने.

आता मूर्खपणाचा मुद्दा येतो. ग्रँडमास्टर व्हायला मोठ्या स्पर्धांत ठरावीक दर्जाचा खेळ तीन वेळा करून दाखवावा लागतो. माझं दोनदा झालं होतं. तिसऱ्या वेळी, परदेशातल्या एका स्पर्धेत, शेवटच्या फेरीत मला जिंकणं भाग होतं. बरोबरी चालणार नव्हती. आणि मी जिंकत होतो. समोरच्याचा राजा कोपऱ्यात अडकला होता. वजिराचा एक शह, राजाला पळायला एकच घर, दुसऱ्या शहाला मात. शाळेतल्या पोराला दिसावं इतकं सोपं. समोरच्या गृहस्थाने तर हार मानून कागदावर सही करायला पेनाचं टोपण काढून ठेवलं होतं.

मी वजिराकडे हात नेला, आणि मला प्यादं दिसलं. ते एक घर पुढे सारायचं, मग आणखी एक घर, की थेट राजाला शह आणि तिथेच मात. प्याद्याची. फोनवर अण्णांना काय सांगायचं ते वाक्यही माझ्या मनात तयार झालं. मी प्यादं पुढे सारलं.

त्यात समोरच्याला एक मोकळी चाल मिळत होती, हे मला हात मागे घेतल्यावर दिसलं. त्याने पेनाला टोपण लावलं आणि आपल्या वजिराने मला शह दिला. मग दुसरा. मग तिसरा. माझा राजा अख्ख्या पटावर वरात काढल्यासारखा हिंडला, पण शह काही थांबेनात. डाव बरोबरीत सुटला. फोनवर अण्णांना मी सांगितलं की समोरचा लई भारी खेळला. ते बरं म्हणाले आणि जेवलास का विचारलं.

त्या एका प्याद्यापायी पुढची चार वर्षं गेली. शेवटी किताब मिळाला तो कुठल्या थोर डावाने नाही. मला आणि समोरच्याला दोघांनाही बरोबरी पुरणार होती, म्हणून आम्ही बारा चाली खेळून हात मिळवले आणि कॉफी प्यायला गेलो.

ह्या पराक्रमाबद्दल मंगल कार्यालयात माझा सत्कार झाला. फेटा, शाल, नारळ. स्टेजवर पट मांडला होता, तोही आडवा. प्रमुख पाहुण्यांनी फोटोसाठी पहिली चाल खेळताना वजीर घोड्यासारखा उडवला, आणि मी गाढ विचारात पडल्याचा चेहरा केला. तो फोटो पेपरात आला. मग सूत्रसंचालकाने माइक देऊन विचारलं, तुमचा कधी न विसरता येणारा डाव कोणता? फेटा डोक्यावर असला की माणसाला खरं बोलण्याची खाज सुटते. मी प्याद्याची सगळी गोष्ट सांगून टाकली, वजीर सोडून प्यादं का सारलं ते कारणासकट. हॉल पोट धरून हसला. पहिल्या रांगेत अण्णा बसले होते. ते हसले नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी त्यांनी मला दुकानात बोलावलं. आता त्यांचे हात थरथरतात, तार दुसरा माणूस भरतो, पण पट तोच आहे. म्हणाले, तो डाव मांड. मी मांडला. अण्णांनी चष्मा पुसला आणि बराच वेळ बघितलं.

"ह्यो तर वजिरानं दोन चालीत मरत हुता," ते म्हणाले.

"व्हय, अण्णा."

"मग?"

"तुमच्या हितं वजिराची मात धरत न्हाईत."

अण्णांनी चष्मा काढला. मला वाटलं, आता हसतील. त्यांचा आवाज मात्र चिडका आला. "आरं, ती अट गिऱ्हाइकासाठी हुती. एकाची मोटार आधी केली आसती तर बाकीच्यांनी दुकान डोक्यावर घेतलं आसतं. प्याद्यानं मात कुनाला जमनार न्हाई, म्हनून ठिवली हुती. मानसं खेळत बसायची, डोकी थंड व्हायची, आन् नंबर बी मोडायचा न्हाई."

म्हणजे रांग शांत ठेवायला काढलेल्या तोडग्यावर मी माझी चार वर्षं ओवाळून टाकली होती. पन्नास चाली पुढचं बघणारा माणूस म्हणून काल माझी ओळख करून दिली होती. मला हसू येईना. मला अण्णांचा रागच आला, आणि चाळिशी उलटलेल्या माणसाला शोभणार नाही अशा आवाजात मी विचारलं, "मग मी नऊ वर्साचा असताना मला का म्हनालात तसं? मी काय गिऱ्हाईक हुतो?"

अण्णा पटावरची प्यादी एकेक करून डब्यात टाकू लागले. म्हणाले, दुकानात माणसं बसलेली होती. पोराची हत्तीची मात धरली असती तर सगळ्यांचीच धरावी लागली असती. म्हणून त्यांच्यासमोर काही बोलता आलं नाही. मग शेवटचं प्यादं टाकता टाकता म्हणाले, "पन मला काय तिथं बसवंना. म्हनून तुला भेळ खायाला न्हेलं."

मी म्हटलं, ते लाईट गेली म्हणून.

"लाईट हुती," अण्णा म्हणाले आणि डब्याला झाकण लावलं.