जुना बासमती आणि चित्तकंपाचा सिद्धान्त

आमच्या दिल्लीतल्या मयूर विहारच्या मराठी मंडळात हल्ली असे सांगितले जाते की, गणेशोत्सवातल्या व्याख्यानात मी वक्त्याच्या हातून माईक हिसकावून घेतला. हे साफ खोटे आहे. माईक बंद पडला होता, आणि मला त्याची गरजही नव्हती. दुसरे सांगतात की मी विज्ञानाचा शत्रू आहे. ज्याने नोकरीची सारी वर्षे प्रयोगशाळेत तापमापके तपासण्यात घालवली, त्याच्याविषयी असे बोलणाऱ्यांनी निदान घरच्या माणसाचा ताप तरी नीट मोजायला शिकावे. झाले ते असे.

आमच्याच सोसायटीतले एक गृहस्थ नोएडातल्या आयटी कंपनीतून निवृत्त झाले आणि लगोलग शास्त्रज्ञ झाले. त्यांच्या सिद्धान्ताचे नाव 'चित्तकंप'. मनात उठणारा प्रत्येक कंप जवळच्या पदार्थात उतरतो आणि पदार्थ त्यानुसार आकार धरतो किंवा मोडतो, असे त्यांचे म्हणणे. विरजण न लागणे, लिफ्ट अडकणे, मेट्रोचे दार नेमके आपल्या तोंडावर मिटणे, या सर्वांची उपपत्ती त्यांच्यापाशी तयार असे. यमुनेवरच्या फेसाची मात्र ती कधी निघाली नाही. तो बहुधा शेजारच्या राज्याच्या चित्तातून येत असावा.

हे सारे मी करमणूक म्हणून सहन केले असते. पण त्या वर्षी नैवेद्याचे मोदक फुटले.

मंडळाचे उकडीचे मोदक माझी पत्नी करीत असे. पीठ मंडळाचे, हात तिचा. तिच्या मोदकांच्या कळ्या पाहून पुण्याहून नव्याने आलेल्या मुलीही गप्प होत, आणि त्या सहसा गप्प होत नाहीत. त्या दिवशी मोदकपात्राचे झाकण काढले, तर एकूण एक मोदक चिरलेला, सारण उघडे, गूळ चाळणीखाली ओघळलेला. संध्याकाळी मंडळात आमच्या शास्त्रज्ञांचेच व्याख्यान होते, आणि त्यात त्यांनी त्याचेच छायाचित्र पडद्यावर झळकवले.

"वहिनी, राग मानू नका, पण पदार्थ खोटं बोलत नाही," ते म्हणाले. "लेक नुकतीच कॅनडाला गेली ना? मनाला तडा गेला, तोच इथे उतरला. बिल्कुल क्लिअर केस!"

लोकांनी टाळ्या वाजवल्या. त्या टाळ्या आज कुणाला आठवत नाहीत. माझा चढलेला आवाज तेवढा सर्वांना आठवतो.

घरी येताच तिने मोदकपात्र माझ्या हाती दिले. "माळ्यावर टाका. खरंच असेल हो. वळताना मी तिचाच विचार करत होते."

"विचारानं मोदक फुटत असते, तर माझ्याशी लग्न झाल्यापासून तुझा एकही धड उतरला नसता."

ती हसली नाही. त्यानंतर संकष्टीलाही आमच्याकडे मोदक झाले नाहीत. पुढच्या उत्सवालाही तिने नकार कळवला. एका माणसाच्या बडबडीने माझ्या बायकोचा स्वतःच्या हातांवरचा विश्वास गेला होता, आणि तो परत आणण्याला मंडळी माझा हेकेखोरपणा म्हणतात.

त्या उत्सवाच्या तयारीच्या बैठकीत खरेदीचा विषय निघाला. खरेदी या शास्त्रज्ञांकडेच होती. "पिठात मी कधी काटकसर करत नाही," ते अभिमानाने म्हणाले. "दरवर्षी कुणीतरी पुण्याहून ते साधं आंबेमोहोराचं आणायचं. गेल्या खेपेला मी खास जुना, मुरलेला बासमती दळून आणला. शिजला की दाणा न् दाणा सुटा!"

दिल्लीत आयुष्य काढलेल्या मराठी माणसालाच हे सुचू शकते. पुलावात जो दाणा सुटा राहतो, त्याच्या पिठाची पारी चिकटून कशी राहणार? मी ताडकन उठलो. मी टेबलावर चढलो, असेही सांगतात. या वयात?

पत्नीला सांगितले, तेव्हा ती म्हणाली, "उकड कोरडी लागत होती. मला वाटलं, माझाच हात गेला."

मी पुण्याहून आंबेमोहोराचे पीठ मागवले, बासमतीचेही दळून आणले आणि शास्त्रज्ञांना चहाला बोलावले. ते येऊन बसले. तिने दोन्ही उकडी काढल्या. मोदक वळताना लेकीचा व्हिडिओ कॉल आला. नात दाखवून झाली आणि हिचे डोळे अखंड वाहू लागले. कंपच पाहिजे होता ना? भरपूर होता. वाफ निवल्यावर झाकण काढले. बासमतीचे फुटले होते. आंबेमोहोराचे कळीसुद्धा न हलता उभे होते.

शास्त्रज्ञांनी चष्मा पुसला. "म्हणजे पुण्याच्या पिठाशी वहिनींच्या चित्ताचं नातं अधिक घट्ट आहे. माझा सिद्धान्त उलट मजबूत झाला, साहेब!"

मी तोंड उघडणार, तोच ती म्हणाली, "अहो, तुम्ही थांबा. भाऊजी, यंदा मोदक मीच करणार, पीठही मीच आणणार. तुम्ही नुसते जेवायला या."

आणि तिने त्यांच्या ताटलीत निवडून सर्वांत फुटका मोदक वाढला, वर तूप घातले आणि तो संपेपर्यंत समोर उभी राहिली. ही हकीकत मंडळात कुणीच सांगत नाही.