मोजला गेलेला कॅमेरा

सोकिची आमच्या नेमोरी गावचा, माझ्याच वर्गातला. टोकियोला जाऊन सिनेमा शिकला आणि भलत्याच सिनेमाचं खूळ घेऊन परत आला. त्याला नट नकोत, गाणी नकोत. हवं काय, तर धुकं, कोल्हे आणि नदीतली भुतं! पैसा लावणारं कुणी नाही, बघणारंही कुणी नाही.

"अरे, अस्वलं तिकीट काढणार आहेत का तुझं?" मी विचारायची. तो माझ्याच दुकानातला गरम टोफू फुकट खात हसायचा. ते हसणं आठवलं की अजून जीव कासावीस होतो.

एका हिवाळ्यात त्याने डोंगरदेवीचा ध्यास घेतला. बाराव्या महिन्याच्या बारा तारखेला ती आपली झाडं मोजते. त्या दिवशी आमच्याकडे कुणी डोंगरात पाऊल टाकत नाही. जो सापडेल तो झाडांत मोजला जातो आणि परत येत नाही. सोकिचीला नेमका तोच दिवस हवा होता, त्यावाचून सिनेमा पुरा होईना. गावातल्या ज्या इने नावाच्या आजीच्या गोष्टींवर सगळा सिनेमा उभा होता, ती कडाडली, "गेलास तर माझी पायरी चढायची नाही!" तिचा नवरा फार वर्षांमागे त्याच तारखेला सरपणाला गेला होता, तो गेलाच.

सोकिचीने आपल्या मते तोडगा काढला. आदल्या दिवशीच कॅमेरा वर नेऊन तिवईवर उभा केला, आपोआप चित्रं टिपत राहील असा. बर्फ लागू नये म्हणून त्याला गवताचं इरलं आणि टोपी घातली. मोजणी उलटल्यावर सकाळी आणायला निघाला, तर आजी वाटेत उभी. मीही तिच्या मागे.

"टोपी, इरलं! मेल्या, माणूसच उभा केलास की तिथे. मोजला तिने त्याला."

"आजी, यंत्र आहे ते. एकुलता एक कॅमेरा आहे माझा."

"होता. आता तिचा. उचललास तर मोजणीत एक कमी भरेल. मग कुणाला नेईल ती? तुला, की हिला?"

"मला कशाला मध्ये ओढतेस!" मी म्हटलं.

शिकलेला गडी, हसून पुढे जाईल असं वाटलं. पण आजीने त्याची बाही धरली ती सोडेना, तसा तो माघारी फिरला. हिवाळाभर आजीच्या चुलीपाशी बसून मुळे सोलत राहिला. सिनेमाचं नाव नाही. मी त्याला वेडा म्हटलं आणि घरी येऊन रडले.

बर्फ वितळल्यावर आजीने आम्हाला हाक मारली. पाठीवर देवदाराचं रोप बांधून ती डोंगर चढली. धाप लागली तरी मला ओझं घेऊ देईना. कॅमेऱ्याशेजारी खड्डा खणून तिने रोप लावलं, माती दाबली.

"घे तुझं ते डबडं. मोजणी पुरी भरली."

कॅमेऱ्यात पाणी शिरलं होतं, आतलं रीळ कुजलं होतं. सोकिचीने तिकडे नीट पाहिलंही नाही.

"आजी, हा उपाय तुला कुणी सांगितला?"

"कुणी नाही. तू चुलीपाशी तोंड पाडून बसायचास ना, तेव्हा सुचला." तिने मातीचे हात झटकले. "माझा माणूस गेला तेव्हा मी फार लहान होते रे. तेव्हा नाही सुचला."