पेढे घेऊन ठाण्यात

पोलिसांनी मला उठसूट बोलावू नये म्हणून मी हायकोर्टात अर्ज केला, जिंकलो, आणि त्याच संध्याकाळी पेढे घेऊन स्वतःच्या पायांनी पोलीस ठाण्यात गेलो.

नव्वदीच्या दशकात मी कामणच्या एका गोदामात स्टोअरकीपर होतो. तिथून पंख्यांचे खोके चोरीला गेले. कुलूप शाबूत, किल्ल्या माझ्याकडे. संशय घ्यायला याहून सोयीचा माणूस कुठे मिळणार? दर दोन-चार दिवसांनी शेजाऱ्यांच्या फोनवर निरोप यायचा, साहेबांनी बोलावलंय. मी जायचो, बाकावर बसायचो. विचारायचं कुणी काहीच नाही. संध्याकाळ झाली की म्हणायचे, जा आता, बघू. शेवटी शेटने बजावलं, आणखी एक दांडी पडली तर परत यायची तसदी घेऊ नका.

मग गिरीजच्या एका वकीलबाईंनी अर्ज ठोकला. कोर्टाने विचारलं, लेखी नोटीस कुठाय? नव्हतीच. हुकूम झाला: बोलवायचं तर लेखी नोटीस द्या, वेळ कळवा, दिवसभर बसवून ठेवू नका. मी कोर्टाच्या जिन्यात नाचायचाच बाकी होतो. बाईंनी दंडाला धरून सांगितलं, नोटीस येईपर्यंत ठाण्याच्या दिशेला बघायचंसुद्धा नाही.

मी मान डोलावली आणि वसईत उतरल्याबरोबर पेढे घेतले. सगळ्या बिल्डिंगला वाटले तरी एक पुडा उरला. तेव्हा मला ठाण्यातला हवालदार आठवला. बाकावर मी उपाशी बसलेला बघून तो डब्यातली जवळ्याची चटणी मला द्यायचा. त्याला वगळून कसं चालेल? एवढीही माणुसकी नको?

हवालदाराने पेढा तोंडात टाकला आणि विचारलं, “मुलगा का मुलगी?”

“नाही हो. तुमच्याविरुद्ध जिंकलो, त्याचे.”

तो चघळायचा थांबला. तेवढ्यात आतून साहेब आले, दोन पेढे उचलले, सगळी हकिगत ऐकली.

“नोटीस बोलवायला लागते. तुम्ही तर आपणहून आलात. बसा.”

बसलो. बाक तोच. साहेबांनी आयुष्यात पहिल्यांदा मला प्रश्न विचारले, आणि अर्ध्यावर थांबून म्हणाले, उरलेलं उद्या सकाळी. उद्या म्हटल्यावर माझ्या डोळ्यांपुढे शेट उभा राहिला. हवालदारालाच दया आली. त्याने शेजाऱ्यांकडे फोन लावला, माझ्या बायकोने वकीलबाईंना गाठलं, आणि बाई घरच्या गाऊनवर ओढणी टाकून स्कूटरने आल्या.

त्यांनी आवाज चढवला नाही. उद्या बोलवायचं असेल तर लिहून द्या, एवढंच म्हणाल्या. आणि यांना रविवारी सुट्टी असते, हेही सांगितलं. साहेबांनी कुरकुरत रविवारची नोटीस लिहून दिली. माझी नोकरी वाचली.

बाहेर आल्यावर मी कृतज्ञतेने पुडा त्यांच्यापुढे धरला. त्यांनी पेढा घेतला नाही. स्कूटरला किक मारत म्हणाल्या, “अहो, पोलिसांविरुद्ध अर्ज केला, तीच माझी चूक. तुमच्याविरुद्ध करायला हवा होता.”